नर्मदाकाठचा दगडी शिंपला



आटपाडीच्या रानात दगडाला तोटा नाही. बांधाला दगड, जोत्याला दगड, विहिरीच्या तळाला तर दगडच दगड. नांगराचा फाळ अडतो तोही दगडावरच. दगड म्हटला की आपल्याला कष्ट आठवतात. तो फोडावा लागतो, उचलावा लागतो, बाजूला सारावा लागतो. दगडापासून काही शिकायला मिळेल असे सहसा मनात येत नाही.

या धड्यात आम्ही तुम्हांला एका लहानशा दगडाची माहिती देणार आहोत. हा दगड सुपारीएवढा, कधी त्याहूनही लहान. पण एके काळी तो जिवंत होता. तो समुद्राच्या तळाशी राहत होता. पाणी पीत होता, अन्न खात होता, वाढत होता. पुढे तो मेला आणि त्याचा दगड झाला. शास्त्रज्ञांनी त्याला नाव दिले आहे माल्वीरिंकिया.

नाव अवघड आहे, पण घाबरायचे कारण नाही. नवा शब्द तोडून वाचावा. माल्वी, रिं, कि, या. आता एकत्र वाचा. माल्वीरिंकिया. जमले की नाही? या नावाचा अर्थ पुढे सांगतो. आधी तो जीव कसा होता ते पाहू.

१. दोन झाकणांचा जीव

नदीतला शिंपला तुम्ही पाहिला असेल. पूर्वी घरोघर कैरी सोलायला शिंपला असे. त्याला दोन बाजू असतात. आपण नमस्कार करताना दोन तळहात जोडतो, तशा त्या दोन बाजू एकमेकींना जुळलेल्या असतात. उजवी डावीसारखी, डावी उजवीसारखी.

आमचा हा दगडी शिंपला तसा नव्हता. त्यालाही दोन बाजू होत्या. पण त्या उजवी-डावी नव्हत्या. एक खालची आणि एक वरची. खालची मोठी, वरची लहान. जणू डबी आणि तिचे झाकण. डबी आणि झाकण एकसारखे नसतात. पण झाकण नाकासमोर मधोमध कापले, तर त्याचे दोन अर्धे मात्र सारखे निघतात. आपला चेहरा घ्या. डोके आणि हनुवटी सारखी नसतात. पण डावा गाल आणि उजवा गाल सारखे असतात. तसेच हे.

एवढ्या एका खुणेवरून शिंपला नदीतल्यासारखा आहे की या दुसऱ्या जातीचा आहे, हे पुष्कळदा ओळखता येते. या दुसऱ्या जातीच्या सगळ्या जिवांना मिळून ब्रॅकिओपॉड म्हणतात. त्यांतल्या काहींचा आकार जुन्या तेलाच्या दिव्यासारखा दिसतो. म्हणून इंग्रज लोक त्यांना दिवा-शिंपले म्हणत. आपणही या धड्यात त्यांना दिवा-शिंपलेच म्हणू.

दिवा-शिंपला चालत नाही, पोहत नाही. अशा बहुतेक जातींत मोठ्या झाकणाच्या टोकाला एक लहान भोक असते. त्या भोकातून देठासारखा एक मांसल भाग बाहेर येतो. भोपळा जसा देठाने वेलीला लटकतो, तसा हा जीव देठाने समुद्रातल्या खडकाला धरून बसतो. जन्मभर तिथेच.

मग तो खातो काय? झाकण किंचित उघडतो. आत बारीक केसांच्या दोन झुपक्यांसारखे अवयव असतात. ते केस हलले की पाणी आत येते. पाण्यातले बारीक अन्नकण केसांना अडकतात. तेवढे खाऊन तो पाणी बाहेर टाकतो. आपली बाई जशी कण्या चाळते, तसा हा जीव समुद्र चाळून खातो.

माल्वीरिंकियाच्या पाठीवर पंख्यासारख्या उभ्या रेघा होत्या. दोन्ही झाकणे जिथे मिळतात तिथली कड सरळ नव्हती. ती करवतीच्या दात्यांसारखी नागमोडी होती. वरचा दाता खालच्या खाचेत बसे. अशी नागमोडी कड थोडी उघडली तरी पाणी पुष्कळ आत येते, आणि जाड वाळूचे कण मात्र बाहेर राहतात. आणि झाकणाचे टोक होते पोपटाच्या चोचीसारखे वळलेले. ही चोच ध्यानात ठेवा. नावाचा अर्थ तिथेच आहे.

२. जिवाचा दगड कसा होतो

जीव मेला की त्याचे मांस कुजून जाते. कवच मात्र चुन्याचे असते, ते टिकते. समुद्राच्या तळाशी गाळ सतत बसत असतो. आपल्या तळ्यात जसा दरवर्षी गाळ साठतो, तसाच. त्या गाळात कवच पुरले जाते. त्यावर आणखी गाळ. त्याच्यावर आणखी. वरच्या ओझ्याने खालचा गाळ दाबला जातो. पाण्यातला चुना कणाकणांच्या मध्ये शिरतो आणि त्यांना चिकटवतो. हजारो, लाखो वर्षांत मऊ गाळाचा कठीण चुनखडक होतो. आतले कवच त्या खडकाचाच भाग बनते.

अशा दगड झालेल्या जिवाला किंवा त्याच्या ठशाला जीवाश्म म्हणतात. अश्म म्हणजे दगड. जीव अधिक अश्म, जीवाश्म.

तुम्ही शाळिग्राम पाहिला असेल. नेपाळातल्या गंडकी नदीत तो सापडतो. त्याच्या आत चक्रासारखी खूण असते. तोही बहुधा एका समुद्री जिवाचा जीवाश्मच असतो. तो जीव दिवा-शिंपल्यांच्या जातीचा नव्हे, तर आजच्या माकुल माशाच्या दूरच्या भाऊबंदांपैकी होता. जिथे आज हिमालय उभा आहे, तिथे फार पूर्वी समुद्र होता, याचा तो पुरावा आहे. हे कळल्याने कोणाच्या भक्तीला उणेपणा येत नाही. उलट देवघरातला दगड किती जुना आहे हे समजून आदर वाढतोच.

३. समुद्र नर्मदेपर्यंत कसा आला?

माल्वीरिंकिया सापडतो तो मध्य प्रदेशात, धार जिल्ह्यात. तिथे बाग नावाचे गाव आहे. बागची लेणी प्रसिद्ध आहेत. अजिंठ्यासारखी जुनी चित्रे तिथेही आहेत. आटपाडीहून नकाशावर सरळ उत्तरेला रेघ ओढली, तर सुमारे ५५० किलोमीटरवर ती बागजवळ पोचते.

मौज बघा. आपल्या मुलखातून माणगंगा वाहते. तिच्यामुळेच आपल्या भागाला माणदेश म्हणतात. धार जिल्ह्यातही एक नदी आहे, तिचे नाव मान. ती पुढे नर्मदेला मिळते. त्या मान नदीच्या खोऱ्यातही हे दगडी शिंपले सापडतात. नावे जवळजवळ सारखी, पण दोन्ही नद्यांच्या काठचे दगड निराळे. का निराळे, ते थोड्या वेळाने पाहू.

बागपासून आजचा समुद्र सुमारे २०० किलोमीटर दूर आहे. मग समुद्रातला जीव तिथे कसा?

कोणी म्हणेल, मोठा पूर आला असेल आणि त्याने शिंपले वाहून आणले असतील. शंका चांगली आहे. ती तपासून पाहू. माणगंगेला पूर आला की काय होते? माती, झाडे, जनावरे, भांडीकुंडी, सगळे एकत्र वाहते. पूर ओसरल्यावर सगळ्याची सरमिसळ पडलेली असते. पुराला निवडानिवड येत नाही.

बागच्या खडकांत तशी सरमिसळ नाही. तिथे थर एकावर एक लागलेले आहेत. सर्वांत खाली वाळूचा खडक. बागची लेणी कोरली आहेत ती याच खडकात. त्याच्या वर चुनखडक. त्यात दिवा-शिंपले आहेत, कालवे आहेत, समुद्रातल्या काटेरी साळींदरासारख्या गोल जिवांची कवचे आहेत, चक्राच्या आकाराचे जीव आहेत. हे काटेरी जीव आणि चक्री जीव खाऱ्या पाण्यातच जगत. गोड्या पाण्यात ते जगत नाहीत. म्हणजे तिथे समुद्र नुसता येऊन गेला नाही. तो तिथे मुक्कामाला होता. इतका काळ, की पिढ्यान् पिढ्या जीव तिथे जन्मले आणि मेले, आणि त्यांच्या कवचांनी भरलेला खडक तयार झाला.

त्या काळी सगळ्या जगातच समुद्राची पातळी आजच्यापेक्षा बरीच उंच होती. नर्मदेच्या बाजूला जमीन लांबट पन्हाळीसारखी खोलगट होती. पश्चिमेकडून समुद्राचे पाणी त्या पन्हाळीतून आत शिरले. जसे पाटाचे पाणी सरीत शिरावे. त्या उथळ, खाऱ्या पाण्यात माल्वीरिंकिया राहत होता. पुढे समुद्र मागे हटला. गाळ उघडा पडला. जीव गेला, खडक राहिला.

४. ही गोष्ट किती जुनी?

बागचा हा चुनखडक सुमारे ९ कोटी वर्षांपूर्वीचा आहे. ९ कोटी ही संख्या बोलायला सोपी, पण डोक्यात मावत नाही. म्हणून एक युक्ती करू.

पट्टीवर सेंटिमीटरच्या आत बारीक रेघा असतात. दोन बारीक रेघांमधले अंतर म्हणजे एक मिलिमीटर. समजा, एक वर्ष म्हणजे एक मिलिमीटर. मग शंभर वर्षांचा म्हातारा म्हणजे दहा सेंटिमीटर, चार बोटांच्या रुंदीहून थोडा जास्त. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला १६७४ साली. त्याला साडेतीनशे वर्षे झाली. म्हणजे ३५ सेंटिमीटर, सुमारे दीड वीत. आणि ९ कोटी वर्षे? ९ कोटी मिलिमीटर म्हणजे ९० किलोमीटर. आटपाडीहून निघालात तर साधारण सांगली गाठाल. महाराजांचा काळ दीड वितीवर, आणि हा शिंपला सांगलीला. आता बोला!

तुम्ही विचाराल, इतकी वर्षे मोजली कोणी? प्रश्न रास्त आहे. काही खडकांत असे पदार्थ असतात, की ते आपोआप दुसऱ्या पदार्थात बदलत जातात. ही गती ठरलेली असते. घड्याळासारखी. किती भाग बदलला आणि किती उरला हे मोजले, की खडकाचे वय काढता येते. शिंपल्याच्या खडकात असे घड्याळ नसले, तर त्यातले जीव कोणत्या काळातले हे बघतात. तेच जीव जगात दुसरीकडे ज्या थरात सापडतात, त्याच्या वयाशी ताडून पाहतात. जुन्या घराचे वय आपण त्याच्या विटांवरून आणि तुळयांवरून सांगतोच की नाही? तसेच.

दिवा-शिंपल्यांचे घराणे तर याहून कितीतरी जुने आहे. त्यांच्या दगड झालेल्या १२,००० हून अधिक जाती आजवर ओळखल्या गेल्या आहेत. एके काळी समुद्रात त्यांचेच राज्य होते. सुमारे २५ कोटी वर्षांपूर्वी पृथ्वीवर फार मोठा अनर्थ झाला. समुद्रातल्या बहुतेक जाती मरून गेल्या. दिवा-शिंपल्यांचीही बहुतेक कुळे बुडाली. थोडी वाचली. त्या वाचलेल्यांच्या वंशात पुढे माल्वीरिंकिया झाला. आता तोही नाही. आज जगात दिवा-शिंपल्यांच्या सुमारे ४०० जाती जिवंत आहेत. त्यांतली लिंग्युला नावाची एक जात आपल्या देशाच्या पूर्व किनाऱ्यावर चिखलात राहते.

५. नाव कोणी ठेवले?

मूल जन्मले की बारशाला आत्या नाव ठेवते. दगडी शिंपल्याचे बारसे कोण करते? ज्याने तो नीट पाहिला, दुसऱ्या शिंपल्यांशी ताडला, आणि हा निराळा आहे असे पुराव्याने दाखवले, तो.

बागच्या खडकांचा अभ्यास एका माणसाने केलेला नाही. इंग्रजी अमलात ब्लॅनफर्ड नावाच्या साहेबाने १८६९ साली या भागाची माहिती छापली. त्याच्यामागून प्रमथनाथ बोस आले. ते बंगालचे. सरकारच्या भूगर्भ खात्यात होते. त्यांनी नर्मदेचे खोरे पालथे घातले. बागच्या चुनखडकाचे निरनिराळे थर त्यांनी ओळखले आणि १८८४ साली ते छापून प्रसिद्ध केले.

हेच बोस पुढे मयूरभंज संस्थानात गेले. तिथे त्यांना लोखंडाच्या दगडाचे मोठे साठे आढळले. १९०४ साली त्यांनी जमशेटजी टाटांना पत्र लिहून ते कळवले. त्यातूनच पुढे जमशेदपूरचा पोलादाचा कारखाना उभा राहिला. शिंपले पाहणाऱ्या नजरेलाच लोखंडही दिसले. नजर एकच. दगड ओळखण्याची.

आणि माल्वीरिंकिया? त्याचे बारसे केले आपल्या एका मराठी माणसाने. त्यांचे नाव जी. डब्ल्यू. चिपळूणकर. बागच्या चोचवाल्या दिवा-शिंपल्यांचा त्यांनी बारीक अभ्यास केला. चोच किती वळलेली, रेघा किती, कड कशी, हे एकेक पाहिले. हे शिंपले आधी माहीत असलेल्या कोणत्याच कुळात बसत नाहीत असे त्यांना दिसून आले. १९३८ साली भारतीय विज्ञान अकादमीच्या मासिकात त्यांनी ते प्रसिद्ध केले. ही अकादमी सर सी. व्ही. रामन यांनी १९३४ साली बंगळूरला स्थापन केली होती.

आता नावाचा अर्थ. माल्वी म्हणजे माळव्याचा. रिंकिया हा भाग एका जुन्या ग्रीक शब्दापासून आला आहे. त्याचा अर्थ चोच किंवा नाकाड. म्हणजे माल्वीरिंकिया या नावाचा अर्थ, माळव्याचा चोचवाला. नाव अवघड वाटले होते ना? उलगडले की सोपे झाले.

जगात कुठेही या विषयाचा ग्रंथ उघडला आणि त्यात या कुळाची नोंद असली, तर कुळाच्या नावापुढे ‘चिपळूणकर, १९३८’ असे लिहिलेले असते. ही शास्त्रज्ञांची रीत आहे. ज्याने नाव दिले त्याचे नाव आणि साल कायम जोडलेले राहते. चिपळूणकर पुढे पुण्याच्या महाराष्ट्र विज्ञानवर्धिनी या संस्थेत जीवाश्मांचे काम करीत होते. ती संस्था १९४६ साली स्थापन झाली. आता तिला आघारकर संशोधन संस्था म्हणतात.

६. आपल्या रानात हा शिंपला का नाही?

आता मुद्द्याकडे येऊ. माण नदीच्या काठी हा शिंपला का सापडत नाही?

कारण आपला काळा दगड गाळाचा नाही. तो आगीचा आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीला लांबलांब भेगा पडल्या. त्यांतून तापून वितळलेला दगड बाहेर आला. त्याला लाव्हा म्हणतात. काकवी जशी परातीत पसरते तसा तो मैलोन्‌मैल पसरला आणि थिजला. काही काळाने त्यावर दुसरा थर आला. मग तिसरा. असे पुष्कळ थर झाले. आपले डोंगर पायऱ्यापायऱ्यांचे दिसतात, त्याचे कारण हेच. वितळलेल्या दगडात शिंपला टिकणार कसा? भट्टीत का कुठे अंडी उबतात?

विहीर खणणाऱ्यांनी हे थर हाताने अनुभवले आहेत. वर माती, मग मुरूम, मग काळा पाषाण. कधी भोके भोके असलेला दगड लागतो. लाव्हातला वायू निघून जाताना ही भोके राहिली. पुष्कळदा त्यांत पांढरे चकाकणारे खडे भरलेले असतात. कधी दोन थरांमध्ये गेरूसारखा तांबडा पट्टा लागतो. एक थर थिजल्यावर त्याची वरची बाजू उन्हापावसाने कुजली, त्याची ती खूण. पाणी सापडते तेही दगडाच्या फटींत, भोकाळ थरांत आणि मुरमात. घट्ट काळ्या पाषाणात पाणी जवळपास नसतेच. म्हणजे दगडाची जात ओळखणे हा आपल्या पोटापाण्याचाही प्रश्न आहे.

दोन थरांच्या मधल्या काळात कुठे कुठे तळी साचली होती. त्यांच्या गाळात जीवाश्म मिळतात. नागपूरकडे गोगलगाईंची कवचे मिळाली आहेत. मुंबईत वरळीला बेडकांचे सांगाडे मिळाले आहेत. पण ते जीव तळ्यातले. समुद्रातले नव्हेत.

काही जण आपल्या शेतातली पांढरी चुनखडी दाखवून विचारतात, “मास्तर, ह्यो समुद्राचा चुना न्हवं का?” नव्हे. पाऊस कमी, ऊन फार. जमिनीतले पाणी वाळते आणि त्यातला चुना मागे राहतो. त्याचे हे खडे बनतात. ते मातीतच तयार झालेले असतात.

मग कोणी म्हणेल, काळ्या दगडाच्या खाली तरी समुद्र असेल! याचे उत्तर शोधायला कोयनेकडे जाऊ. ११ डिसेंबर १९६७ रोजी कोयनेला मोठा भूकंप झाला. त्या भूकंपांचे कारण समजावे म्हणून शास्त्रज्ञांनी अलीकडच्या काळात तिथे फार खोल भोके पाडली. एका ठिकाणी सुमारे ९३० मीटर काळा दगड लागला. तो संपल्यावर काय लागले? चुनखडक नाही, शिंपले नाहीत. थेट ग्रॅनाइटच्या जातीचा अतिशय जुना खडक. म्हणजे तिथे लाव्हा पसरला तो समुद्राच्या गाळावर नव्हे, जुन्या खडकाच्या जमिनीवर.

धार जिल्ह्यात मात्र तसे नाही. तिथेही वरती आपल्यासारखाच काळा दगड आहे. पण त्याच्या खाली समुद्राचा चुनखडक आहे. मान आणि नर्मदा या नद्यांनी वरचा काळा दगड झिजवला, तेव्हा खालचा खडक उघडा पडला. तिथला शिंपला सांगतो, इथे समुद्र होता. आपल्या कोयनेचा दगड सांगतो, इथे त्या समुद्राची खूण नाही. दोन्ही साक्षी सारख्याच मोलाच्या. नसणे हेही एक उत्तर असते.

७. साक्षीदाराला मुका करू नका

समजा, तुम्ही यात्रेला किंवा मजुरीला बाहेर गावी गेलात. खडी फोडताना, पाया खणताना, ओढ्याच्या काठी, दगडात शिंपल्याची, हाडाची, पानाची आकृती दिसली. मग काय कराल?

पहिले, तो फोडू नका. दुसरे, जागा लिहून ठेवा. गाव कोणते, ओढा कोणता, किती खोल, कोणत्या रंगाच्या थरात. लिहिता येते आता तुम्हांला, त्याचा उपयोग करा. तिसरे, गावच्या शाळेत, तलाठ्याला किंवा जवळच्या कॉलेजात कळवा.

जागेला एवढे महत्त्व का? समजा, एखाद्याकडे जमिनीचा कागद आहे, पण त्यावर गाव नाही, गट नंबर नाही. त्या कागदाची किंमत काय? शून्य. तसाच जागा हरवलेला दगडी शिंपला. कपाटात तो शोभेल. पण कुठे समुद्र होता, केव्हा होता, हे तो सांगू शकणार नाही. साक्षीदार हजर, पण मुका. चुनखडक तर चुन्यासाठी, सिमेंटसाठी, रस्त्यासाठी रोज फोडला जातो. फोडणे थांबणार नाही, लोकांना कामही हवे. पण फोडणाऱ्या हाताला ओळख असली, तर निदान काही साक्षी वाचतील.

याला धार जिल्ह्याचाच दाखला आहे. तिथल्या जमिनीत डायनोसॉर नावाच्या प्रचंड प्राण्यांची दगड झालेली अंडी सापडतात. समुद्र हटल्यानंतरच्या काळातली ती आहेत. जानेवारी २०२३ मध्ये शास्त्रज्ञांनी त्या भागातल्या ९२ घरट्यांची आणि २५६ अंड्यांची माहिती प्रसिद्ध केली. ती लिहिणाऱ्यांत विशाल वर्मा हे एक आहेत. ते त्याच जिल्ह्यातले शाळाशिक्षक. मोठ्या प्रयोगशाळेतला माणूस वर्षातून चार दिवस येतो. गावचा माणूस बारा महिने तिथे असतो. पहिली नजर त्याचीच पडते.

आणखी एक सावधगिरी. चीनमध्ये दगडी दिवा-शिंपल्यांना दगडी पाकोळ्या म्हणत आणि उगाळून औषधात घालत. आपल्याकडेही कोणी बाजारात असा दगड आणून रोग बरा होईल म्हणून विकू लागला, तर पैसे देऊ नका. आजाराला दवाखाना आहे. दगडाचे काम निराळे आहे.

मंडळी, तुम्ही अक्षरे शिकलात. अक्षर म्हणजे काय? रेघच. पण ती ओळखता आली की बोलू लागते. माल्वीरिंकियाच्या पाठीवरही रेघाच आहेत. त्या चिपळूणकरांनी वाचल्या आणि नऊ कोटी वर्षांपूर्वीचा समुद्र आपल्याला कळला. उद्या विहिरीत उतराल तेव्हा भिंतीकडे बघा. थर मोजा. तांबडा पट्टा कुठे आहे ते मुलांना दाखवा. तेवढे केलेत तरी हा धडा कामी आला असे आम्ही समजू.

नवे शब्द

जीवाश्म : दगड झालेला जीव किंवा त्याचा ठसा
चुनखडक : चुन्याच्या गाळाचा बनलेला खडक
लाव्हा : जमिनीतून बाहेर आलेला वितळलेला दगड
थर : एकावर एक बसलेला पापुद्रा किंवा पट्टा
दिवा-शिंपला : वरचे व खालचे झाकण निरनिराळे असलेला समुद्री जीव

उत्तरे सांगा

१. नदीतला शिंपला आणि दिवा-शिंपला यांत फरक कोणता?
२. बागचे शिंपले पुराने वाहून आलेले नाहीत, हे कशावरून?
३. माल्वीरिंकिया या नावाचा अर्थ काय? ते नाव कोणी आणि कोणत्या साली दिले?
४. आपल्या काळ्या दगडात समुद्राचे शिंपले का नाहीत?
५. दगडात शिंपल्याची आकृती दिसली तर कोणत्या तीन गोष्टी कराल?

करून पाहा

तुमच्या किंवा शेजाऱ्याच्या विहिरीत वरून खाली कोणते थर दिसतात, ते वहीत क्रमाने लिहा. प्रत्येक थरापुढे त्याचा रंग लिहा. पाणी कोणत्या थरातून येते तेही लिहा. पुढच्या वर्गाला वही घेऊन या आणि सगळ्यांना वाचून दाखवा.